कप निळा दिसतो

कप निळा होता. निळसर नव्हे, चांगला निळा — आणि तो पांढरा होता हे तिला पक्कं ठाऊक होतं, कारण तिच्याच स्वयंपाकघरातून तो शूटिंगला नेला होता, कान तुटलेला, लेकीने चिकटवलेला... तिने उजवा डोळा मिटला. पडद्यावरचा कप पांढराशुभ्र झाला. डावा मिटून उजवा उघडला — पुन्हा निळा.

उजव्या डोळ्यातला मोतीबिंदू गेल्याच महिन्यात काढला होता. डाव्यातला अजून तसाच होता. म्हणजे सात वर्षांपूर्वी हा सिनेमा स्वतः टिपताना, स्वतः कापताना, त्याचे रंग बसवताना, पिवळ्या पडलेल्या नजरेला पांढरं दिसावं म्हणून ती निळा ओतत गेली होती, तोही डोळ्यांत तेल घालून! आणि लोकांनी त्याच निळ्याला डोक्यावर घेतलं. वाट पाहण्याचा रंग, म्हणे. तिला आपलं वाटायचं, बोलायला दुसरं काही सापडत नाही म्हणून बिचारे रंगावर बोलतात.

“ताई, नव्या प्रिंटला हाच निळा ठेवायचा ना?” शेजारी बसलेल्या दिग्दर्शकाने विचारलं. “हुकमाचा एक्का आहे तुमचा.”

“माझा नाही रे. मोतीबिंदूचा आहे.”

तो खळखळून हसला. “तुम्ही पण ना, ताई.”

“हसू नकोस. पांढरं करून दाखव.”

म्हणाली खरी, पण... निळा गेला आणि खाली काहीच उरलं नाही तर? अंधाऱ्या खोल्यांत बसून जन्मभर जुळवलेलं सगळं एका आजारी डोळ्याची कृपा ठरलं तर...

निळा ओसरला. भिंत भिंतीसारखी दिसू लागली, आणि टेबलाशी मुलाची वाट पाहत बसलेली आई, नुसती एक दमलेली बाई. दाराशी चाहूल लागते, तिची मान वर येऊ लागते — आणि ती पुरती वर यायच्या आत कट, रिकामा रस्ता. तिथेच. तेव्हा हाच दिग्दर्शक हातापाया पडत होता, ताई, चेहरा तरी दिसू द्या. ती हटली नव्हती. तो कट डोळ्यांनी ठरलाच नव्हता, श्वास अडकला तिथे हात थांबला होता... आत्ताही अडकला, स्वतःच्याच कटवर, कुणी परक्याने केल्यासारखा.

दिग्दर्शक हळूच म्हणाला, “मग... कोणता ठेवू?”

तिला त्या कटचा अभिमान वाटत होता, चक्क अभिमान, आणि तो कुणाला बोलून दाखवावा असंही वाटत नव्हतं.

“मागे घे,” ती म्हणाली. “पुन्हा बघू दे मला.”