निवडुंगावरच्या अळ्या

यशश्री पुण्याहून आखातातल्या सीबला पोचली त्याच दिवशी, दिवेलागणीला, एक मोठा करडा पतंग घरात शिरला आणि पप्पांच्या फोटोपुढच्या दिव्याभोवती घिरट्या घालू लागला.

"हाकलू नकोस गं यशू," आई म्हणाली. "तेच आलेत."

यशश्रीने वाद घातला नाही. ती यायच्या आधीच दहन उरकलं होतं. आईला पप्पा दिसत असतील तर दिसू देत. तिने दार उघडं ठेवलं. पतंग अंगणात गेला, निवडुंगावर बराच वेळ बसला.

निवडुंग पप्पांचा. गुहागरच्या कुंपणातला तुकडा त्यांनी वर्तमानपत्रात गुंडाळून आणला होता. आता माणसाच्या उंचीचा झालेला. महिनाअखेरीला घर सोडायचं, आईला पुण्याला न्यायचं, आणि त्या निवडुंगाची एक फांदी सोबत घ्यायची, एवढंच यशश्रीने ठरवलं होतं.

पण सुतकात झाडाला हत्यार लावायचं नाही, असं आईचं म्हणणं. सुतक फिटेतो निवडुंगभर अळ्या झाल्या, काळ्या, पिवळ्या ठिपक्यांच्या. साल कुरतडलेली, पांढरा चीक ओघळून सुकलेला.

शेजारचे हुसैनमियाँ भिंतीवरून डोकावले. "इथल्याच डोंगरातला पतंग हा, वहिनी. ह्याच्या पोरांना निवडुंगच लागतो. साबणाचं पाणी मारा, नाहीतर कुंडीपण खातील."

आई हसली, पप्पा गेल्यापासून पहिल्यांदाच. "खाऊ देत. घर त्यांचंच आहे."

यशश्री साबणाच्या पाण्याची बाटली घेऊन आली, तेव्हा आई कुंडीला टेकून बसली होती.

"तुझ्या पप्पांवर मारणार ते?"

"आई, अळ्या आहेत गं त्या. झाड जाईल."

"जाऊ दे. ते परत गेले तर मी काय करू?"

यशश्रीने बाटली मोरीत ओतली. मग कोयती घेऊन एखादी धड फांदी शोधली. जिथे साल शाबूत होती तिथेही आतून काळं पडलं होतं.

सामान बांधून झालं तेव्हा नुसता खुंट राहिला होता. त्यावर दोन-तीन अळ्या अजून चाचपडत होत्या.

"आपण गेल्यावर यांना खायला कोण घालील?" आईने विचारलं.

"हुसैनमियाँ आहेत ना," यशश्री म्हणाली.

हुसैनमियाँच्या अंगणात एका टोकापासून दुसऱ्यापर्यंत फरशी होती, एक रोपटंही नाही. दोघींनाही ते माहीत होतं.