हरिचंद पंचाची साक्ष

पोलिसाला चोर सापडतो, माल सापडतो, एखाद्याची हरवलेली म्हैससुद्धा सापडते. सापडत नाही तो पंच. छापा घातला की दोन भल्या माणसांनी शेजारी उभं राहून सगळं डोळ्यांनी बघायचं, लिहिलेल्या पंचनाम्यावर सही करायची आणि पुढं कधीतरी कोर्टात जाऊन तेच सांगायचं. काम एवढंच. पण "पंच व्हा" म्हटलं की माणसं अशी पांगतात की विचारू नका. कोणाची बैलं सुटतात, कोणाच्या सासूला एकाएकी ताप भरतो.

आखाडा बाळापूरच्या पुढं हमरस्त्याला एका फाट्यावर छोटीशी पोलीस चौकी होती. तिथं यावर तोड म्हणून एक ठेवणीतला पंच होता, समोरचा पानटपरीवाला. चहा पाजला की तो कुठल्याही कागदावर सही ठोकायचा. शेवटी एका खटल्यात न्यायाधीशांनी चष्मा काढून विचारलं, "या भागातले सगळेच गुन्हे या एकाच इसमाच्या डोळ्यांदेखत घडतात का?" कोर्टात हशा पिकला आणि आरोपी सुटला.

त्या दिवशी चौकीचे जमादार सूर्यकांत पाठक मान खाली घालून परत आले. औंढ्याच्या पाठकांच्या घरात कारकून होते, मास्तर होते, एक काका पुजारी होते. खाकीत शिरलेले हे एकटेच. खोट्या सहीची त्यांना पहिल्यापासून शिसारी होती. त्या दिवसापासून त्यांनी ठरवलं की यापुढं पंच असेल तो खराच असेल. फौजदार हसले. म्हणाले, "पाठक, तुम्ही पोलिसात नाही, कीर्तनात जायला पाहिजे होतं."

खऱ्या पंचाची गरज पडली ती भिकाबाईमुळं. फाट्यापासून कोसभर आत लमाणांचा तांडा होता, तिथली ही बाई. तिचा प्रेमसिंग ट्रकवर क्लीनर होता. फाट्यावरच्या बापूशेटच्या ढाब्यावर जेवायला थांबता थांबता तो गांजाच्या चिलमीला लागला, आणि मग जेवण राहिलं आणि चिलीम तेवढी उरली. काम सुटलं, बायको माहेरी गेली. भिकाबाई दर सोमवारी चौकीच्या पायरीवर येऊन बसायची. ओरडायची नाही, रडायची नाही.

"साहेब, माझं पोरगं वाळून चाललं. तुमी त्या ढाब्यावाल्याला काहून धरून न्हाई राहिले?"

"धरू, बाई. पण असा धरू की परत सुटायचा नाही," सूर्यकांत म्हणाले. शब्द तोंडातून गेला तो गेला.

एकोणीसशे नव्याण्णवच्या सप्टेंबरात खबर लागली आणि दुपारी चार वाजता छापा घातला. पंच म्हणून एक किराणा दुकानदार आला, तोही तराजू त्याचाच होता म्हणून. दुसरा मिळेना. तेवढ्यात तांड्यातला हरिचंद राठोड पेंडीचं पोतं खांद्यावर घेऊन चालला होता. पन्नाशीचा माणूस, डोक्याला लाल पागोटं. त्याला विचारलं तर त्यानं पोतं खाली ठेवलं.

"येतो की. जे बघीन ते सांगीन. त्यात काय तकलीफ हाय?"

असा माणूस! सूर्यकांतना त्याच्या पाया पडावंसं वाटलं.

छापा अगदीच साधा झाला. बापूशेट ढाब्यामागं खाटेवर तोंडावर टॉवेल घेऊन झोपला होता. हलवून उठवला तर म्हणाला, "कोण हाय बे?" आतल्या खोलीत सरकीच्या पेंडीखाली एक पोतं निघालं. गांजा, हिरवट-काळा, उग्र वासाचा. वजन अकरा किलो चारशे ग्रॅम. कोणी पळालं नाही, कोणी हात उगारला नाही. सूर्यकांतनी जागेवर मांडी घालून पंचनामा लिहिला, दुकानदारानं सही केली, हरिचंदनं अंगठा दिला. गंगेत घोडं न्हालं असंच सगळ्यांना वाटलं.

आणि पुढच्याच शुक्रवारी टीव्हीवरची एक मालिका आडवी आली.

पोलीस आणि गुंडांच्या टोळ्यांची ती मालिका सगळा तांडा फुलसिंग नाईकाच्या दारात बसून बघायचा. नेमका त्या शुक्रवारच्या भागात हमरस्त्यावरचा ढाबा होता, पोत्यांत लपवलेला नशेचा माल होता आणि छाप्याच्या वेळी पोलिसांसोबत उभा राहिलेला एक म्हातारा साक्षीदार होता, तोही पागोट्यातला! पुढं मग ढाब्याच्या माडीवरून गोळ्या सुटल्या, इन्स्पेक्टरनं जिन्यावरून उडी मारली, पोतं फाडून पांढरी पावडर बोटानं चाखली आणि म्हणाला, "हाच तो माल." म्हातारा साक्षीदार गोळ्यांत छाती काढून उभा. सगळा तांडा मागं वळून हरिचंदकडं बघायला लागला.

"अरे, हे तर आपल्या हरिचंदाचंच दाखवून राहिले!"

झालं. त्या दिवसापासून हरिचंद राठोडचा हरिचंद पंच झाला. बाजारच्या दिवशी बाळापुरात चहाच्या हॉटेलात लोक त्याला हाक मारून बसवायचे. "पंच, सांगा की छाप्याचं." पहिल्यांदा तो खरं तेच सांगायचा. पण झोपलेल्या माणसाला हलवून उठवलं, यात ऐकणाऱ्याला काय मजा? लोक जांभया द्यायचे. मग कोणीतरी विचारायचं, "गोळी न्हाई सुटली?" हरिचंद म्हणायचा, "सुटली असती." पुढच्या बाजारी ती सुटता सुटता राहिली. दिवाळीपर्यंत सुटली. संक्रांतीला सूर्यकांतनी जिन्यावरून उडी मारली.

सूर्यकांतना हे माहीत नव्हतं असं नाही. एकदा ते हॉटेलात शिरले तेव्हा उडीच चालली होती. लोक उठून उभे राहिले. "या, जमादारसाहेब, तुमचंच चाललंय." चहाचे पैसे कोणी देऊ दिले नाहीत. वीस वर्षं सायकलचोरांच्या मागं धावलेल्या माणसाला कोणी उडी मारायला लावली, तर त्यालाही अंगावर मूठभर मांस चढतं. त्यांनी हसून नुसतं "हरिचंदभाऊ, पुरे आता" म्हटलं. घरी जाऊन बायकोला, अनुसूयेला, तो किस्सा रंगवून सांगितलाही. ती म्हणाली, "तुम्ही? आणि उडी? ओट्यावरून उतरताना तर खांब धरता."

तीन वर्षांनी, दोन हजार दोनच्या नोव्हेंबरात, परभणीच्या कोर्टात साक्षीची तारीख लागली. फौजदार केव्हाच बदलून गेले होते. सगळी मदार सूर्यकांतवर. ते सकाळच्या एसटीनं हरिचंदला घेऊन निघाले. भिकाबाईही पदरच्या पैशानं तिकीट काढून मागं येऊन बसली. प्रेमसिंग आता घरातलं भांडं विकून ढाब्यावर जात होता, आणि जामिनावर सुटलेला बापूशेट त्याला खाटेवर जागा देत होता.

कोर्टाच्या व्हरांड्यात सरकारी वकिलांनी फाइल चाळली. "जमादार, पंचाला पंचनामा एकदा वाचून दाखवा. तीन वर्षं झालीत."

सूर्यकांतना ते झोंबलं. वाचून दाखवायचं, पढवून घ्यायचं, हे त्या पानटपरीवाल्याच्या वेळचे धंदे. "साहेब, हा खरा पंच आहे. खरं बोलणाऱ्याला पाठ करावं लागत नाही," ते जरा चढ्या आवाजातच बोलले. वकिलांनी खांदे उडवले.

आधी किराणा दुकानदार उभा राहिला आणि सरळ फितला. "मला काही माहीत नाही, चौकीत बोलावून सही घेतली." सूर्यकांतनी दात-ओठ खाल्ले, पण ते फार डगमगले नाहीत. हरिचंद अजून बाकी होता.

हरिचंद पागोटं नीट करून पिंजऱ्यात चढला. शपथ घेतली. नाव-गाव खणखणीत सांगितलं. ढाब्यावर कोणी बोलावलं, कोण कोण होतं, सगळं बराबर. सूर्यकांतनी श्वास सोडला. मग सरकारी वकील म्हणाले, "पुढं काय झालं ते कोर्टाला सांगा."

हाच प्रश्न हरिचंदला तीन वर्षं दर बाजारी विचारला जात होता. त्याचा आवाजच बदलला.

"मंग साहेब, वरून गोळी सुटली!"

न्यायाधीशांची लेखणी थांबली. सरकारी वकिलांनी सूर्यकांतकडं पाहिलं. "तुम्ही घाबरलात असाल, नीट आठवून सांगा," त्यांनी सावरायला बघितलं. पण हरिचंद कशाचा थांबतो? त्यानं जमादारांना जिन्यावरून खाली उतरवलं, गुंडाच्या कमरेत लाथ घालायला लावली आणि पोतं फाडलं. आरोपीच्या वकिलाला काही कष्टच पडले नाहीत. तो उठून अदबीनं म्हणाला, "हरिचंदराव, पोत्यात काय निघालं?"

"पावडर."

"कसल्या रंगाची?"

"पांढरी शुभ्र. जमादारसाहेबांनी बोटाला लावून चाखली. मी तितंच हुभा होतो."

अकरा किलो चारशे ग्रॅम गांजाची त्या एका बोटानं वाट लावली. मागच्या बाकावर बापूशेट तोंडाला रुमाल लावून खोकल्यासारखं करत होता.

बाहेर आल्यावर सरकारी वकील एवढंच म्हणाले, "निकाल लागायचाय, पण समजून चला." आणि निघून गेले. मागून हरिचंद आला, घामेजलेला, चेहरा उजळलेला.

"साहेब, बोललो ना बराबर? एक बी गोष्ट सुटू दिली न्हाई."

तीन वर्षांचा संताप सूर्यकांतच्या डोक्यात गेला. "कुठली गोळी रे? कोणी झाडली? त्या पत्र्याच्या ढाब्याला माडी आहे का? जिना आहे का?"

व्हरांड्यातली माणसं वळून बघायला लागली. हरिचंद गोंधळला. त्यानं खरोखर डोळे मिटून ढाबा आठवून पाहिला.

"जिना न्हाई," तो हळू म्हणाला. मग डोळे उघडून, "साहेब, मंग मी काय पाहिलं व्हतं?"

हे विचारताना त्याचा चेहरा असा पडला की सूर्यकांतना पुढचं बोलवेना. लबाड माणसावर ओरडता येतं. या माणसाचं काय करायचं?

परतीच्या एसटीत सूर्यकांत आणि हरिचंद एका बाकावर बसले. भिकाबाई पुढच्या सीटवर बसली होती. कोर्टात ती दाराशी बसून सगळं ऐकत होती आणि वकिलाचा चेहराही तिनं पाहिला होता, तिला वेगळं काही सांगावं लागलं नाही. एसटीत चढताना ती फक्त एवढं म्हणाली, "मंग ढाबा चालूच ऱ्हाईन, व्हय ना साहेब?"

निम्मा रस्ता गेल्यावर हरिचंदनं त्यांच्या कोपराला हात लावला. "साहेब, त्या कागदावर काय लिवलं हाय? माझा अंगठा हाय ना त्याच्यावर?"

सूर्यकांतनी चिडूनच पिशवीतून पंचनाम्याची प्रत काढली आणि वाचायला लागले. इसम नामे बापूशेट हा ढाब्याच्या पाठीमागे खाटेवर झोपलेला मिळून आला.

"व्हय," हरिचंद म्हणाला. "तोंडावर टावेल व्हता."

सरकी पेंडीखाली एक पोते.

"व्हय व्हय. पेंड मीच बाजूला सारली. आन् आतून असा वास आला, डोकं गरगरलं माझं. हिरवा पाला व्हता, साहेब. पावडर कुटं व्हती?" तो एकदम ताठ बसला. "तो उठला आन् म्हणला, कोण हाय बे. मला हसू आलं व्हतं. वजन करताना त्या दुकानदाराचा काटा अडकला, दोन खेपा केलं वजन. बराबर?"

काटा अडकल्याचं तर पंचनाम्यातसुद्धा नव्हतं. सूर्यकांत स्वतः ते विसरले होते.

"सगळं याद हाय की मला," हरिचंद म्हणाला. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. "हे मला सकाळी काहून न्हाई वाचून दाखवलं, साहेब?"

पुढच्या सीटवरची भिकाबाई मागं वळली होती. ती हरिचंदकडं बघत नव्हती, जमादारांकडं बघत होती. फाटा यायला अजून तासभर होता.