दादरा बांधेपर्यंत

आमच्या दुकानात तास मिळायचे. ज्या तासातून जीव सुटत नसे, त्या तासात हाताळलेली एखादी वस्तू गिऱ्हाईक घेऊन यायचं. ती वस्तू मी एकतारी पाकात उकळायचे आणि पाक बरणीत भरायचे. पुढे त्यातला एक चमचा जिभेवर ठेवला, की गोडी विरेपर्यंत तो तास जसाच्या तसा पुन्हा जगता यायचा. कुणी बापाच्या खांद्यावरून पाहिलेली संध्याकाळ न्यायचं. एक शिंपीणबाई तर नवरा घरी नसलेली एकच दुपार गेली सात वर्षं पुरवून पुरवून खाताहेत.

सासूबाईंनी हे काम माझ्या हाती दिलं ते दोन नियमांसकट. पाक ओतल्यापासून बरणीच्या तोंडाला फडक्याचा दादरा बांधेपर्यंत अवाक्षर काढायचं नाही, कारण बोललेलं त्यात मुरतं. आणि आपल्या हातचं कधी चाखायचं नाही. चाखलं की त्या हाताला पुन्हा पाक धरत नाही. रोज चूल पेटवायच्या आधी मी हात जोडून हे दोन्ही म्हणायचे. तिसरं माझं स्वतःचं आहे: खोटं बोलणार नाही.

अठरा वर्षांत एकदा चुकले.

माझ्या नणंदेची मुलगी नऊ वर्षांची होती. शाळेला जाताना नाव उलटली आणि ती नदीतच राहिली. पंधराव्या दिवशी वन्सं तिचा काचेचा पेला घेऊन आल्या. त्या सकाळी पोर त्यातून दूध प्यायली होती.

"शेवटचा तास दे मला, वहिनी. ती 'येते गं आई' म्हणाली आणि मी भांडी घासत होते. मागे वळूनसुद्धा बघितलं नाही."

पेला उकळताना तडकला, म्हणजे दुसरी बरणी होणार नव्हती. पाक ओतताना तो तास क्षणभर त्यात तरंगतो. मला पोर दिसली. उंबरठ्यावर, एक बूट पायात, एक हातात. निघालीच होती. माझ्या तोंडून निघून गेलं, "थांब गं बाळ."

मी घाईघाईनं दादरा बांधला. कुणी विचारलं नाही, म्हणून खोटंही बोलावं लागलं नाही.

वन्सं रोज दुपारी मागच्या खोलीत येऊन चमचाभर खायच्या. पहिले काही महिने रडून, हलक्या होऊन जायच्या. मग एके दिवशी चमचा धरून तशाच बसून राहिल्या.

"वहिनी, ती हल्ली जात नाही."

"म्हणजे?"

"येते म्हणते आणि तिथंच उभी राहते. माझ्या पाठीमागे. विचारते, 'कोण म्हणालं थांब?' मला वळायचंय गं, पण त्या सकाळी मी वळले नव्हते ना, मान वळतच नाही." त्यांनी दंड चोळले. "काल म्हणाली, 'आई, पाय दुखला एकाच बुटावर.'"

मी फडकं पिळत राहिले.

त्यानंतर दुकानातही ऐकू यायला लागलं. भरदुपारी, बरण्यांच्या फळीमागून. टक. मग अनवाणी पाय घासल्याचा आवाज. पुन्हा टक. शिंपीणबाईंनी मान वर करून विचारलं, "आत लंगडं गिऱ्हाईक बसवलंयस का गं?" मी हसले नाही.

बरणीत एक चमचा उरला. तो संपला की तासही संपणार होता. पोर मात्र आपण होऊन हलणारी नव्हती. थांब मी म्हटलं होतं. जा मलाच म्हणायला हवं होतं. आणि जायचं कुठे, तर त्या नावेकडे.

वन्सं यायच्या आधी मी हात जोडले, दादरा सोडला आणि तो चमचा तोंडात घातला.

वन्संचं स्वयंपाकघर. त्या पाठमोऱ्या, भांड्यांवर वाकलेल्या. मी त्या सकाळी तिथे नव्हते, म्हणून मला बांधणारं काही नव्हतं. पोर माझ्याकडे बघत होती.

"मामी! तूच म्हणालीस ना थांब?"

"हो गं."

"का? काय काम होतं?"

मी खाली बसून तिच्या पायात दुसरा बूट चढवला, नाडी बांधली. पाय बर्फासारखा गार होता.

"नाव सुटेल माझी. जाऊ?"

जिभेवरची गोडी विरत आली होती. एवढंसं तोंड वर करून ती परवानगी मागत होती. खोटं काही सुचलं असतं, तर त्या दिवशी मी बोललेही असते.

"जा बाळ."

वन्सं आल्या तेव्हा बरणी रिकामी होती आणि मी जमिनीवर बसले होते. त्यांनी बरणीत बोट फिरवलं, चाटलं.

"नुसती साखर आहे." मग माझ्याकडे बघून, "गेली?"

"गेली."

"तू जा म्हणालीस?"

"हो. आणि थांबसुद्धा मीच म्हणाले होते, वन्सं. पाक ओतताना."

मला वाटलं, बरणी डोक्यात घालतील. त्यांनी बरणी फळीवर ठेवली. मग हळूच विचारलं, "जाताना वळून बघितलं तिनं?"

"बघितलं. तुमच्या पाठीकडे. पार दाराबाहेर जाईपर्यंत."

"केस कसेतरीच बांधले होते मी त्या दिवशी."

"हो."

दुसऱ्या दिवसापासून माझ्या हाताला पाक धरेना. आता मी रिकाम्या बरण्या धुऊन परत करते. वन्सं मदतीला येतात. धुता धुता त्या दर थोड्या वेळानं हात थांबवतात आणि मागे वळून दाराकडे बघतात.