न्यूकॅसलचा नवस

संकटात माणूस देव पाण्यात घालून बसतो, हे आपल्याकडे कुणाला समजावून सांगावं लागत नाही. पोर तापाने फणफणलं, निकाल अडकला, की देव्हाऱ्यातले देव पातेल्यात आणि वर पाणी. काम होईपर्यंत त्यांची सुटका नाही. पण वसुधाच्या नवऱ्याने देव पाण्यात घातले ते फुटबॉलसाठी. तेही इंग्लंडच्या. आणि तेही आपला संघ बारा गुणांनी पुढे असताना!

शहाण्णव सालचा जानेवारी होता. दोघांचं नवं लग्न, सिंगापुरात टॅम्पिनीसला भाड्याचा फ्लॅट. श्रीधर सेम्बावांगच्या एका गोदीत अकाउंट्स सांभाळायचा. तिथला म्हातारा इंग्रज इंजिनिअर मूळचा न्यूकॅसलचा. त्याने निवृत्त होताना श्रीधरला काळ्यापांढऱ्या पट्ट्यांचा लोकरी मफलर दिला आणि त्याबरोबर जन्माची डोकेदुखी. सिंगापूरच्या उकाड्यात तो मफलर गुंडाळून हा टीव्हीसमोर घामाघूम व्हायचा. न्यूकॅसल त्या वर्षी असं सुटलं होतं की मागे मँचेस्टर युनायटेड दिसतही नव्हतं.

"मग देव कशाला बुडवतोस?" वसुधाने विचारलं होतं.

"खबरदारी," श्रीधर म्हणाला होता.

गणपती, बाळकृष्ण, शंकराची पिंड आणि वसुधाने माहेरहून आणलेली पितळी अन्नपूर्णा, सगळे पातेल्यात गेले. "न्यूकॅसल लीग जिंकेपर्यंत," असं म्हणून श्रीधरने हात जोडले. आता गंमत बघा, तारीख नसलेल्या कागदावर हा माणूस मेला तरी सही करायचा नाही, आणि नवस बोलताना नेमकं वर्ष घालायचं विसरला.

पुढे व्हायचं ते झालं. मार्चमध्ये युनायटेडने न्यूकॅसलच्या घरी येऊन एका गोलने हरवलं. एप्रिलमध्ये लिव्हरपूलपुढे चार-तीन अशी माती खाल्ली. मे महिन्यात लीग मँचेस्टरला गेली. वसुधा देव पुसायला टॉवेल घेऊन आली, तर श्रीधर म्हणाला, "ह्याच वर्षी असं मी कुठे म्हटलं होतं? नवस पुढच्या वर्षी ओढायचा."

तो असा ओढत ओढत तीस वर्षं आला. मधे डेंग्यूच्या तपासणीला एक बाई आल्या. देवघरात पाण्याचं पातेलं बघून त्यांनी कपाळाला हात लावला. "अंकल, गॉड ओके. बट स्टॅग्नंट वॉटर कॅनॉट लाह!" मग डास होऊ नयेत म्हणून काचेची टाकी आली, हवेचा पंप आला आणि अळ्या खायला गप्पी मासे आले. तेव्हापासून आरती टाकीभोवती ओवाळली जाई. खाणं आलं असं वाटून मासे वर येत, तोंडं उघडी ठेवून शेवटपर्यंत हजर राहत. आमच्या ओळखीतली माणसंही आरतीला इतकी नेमाने येत नाहीत.

दोन हजार नऊ साली अक्षय्य तृतीयेला वसुधाने अन्नपूर्णेला चिंचेने घासायला म्हणून बाहेर काढलं होतं, फक्त घासण्यापुरतं. त्याच मोसमात न्यूकॅसल खालच्या डिव्हिजनला घसरलं. श्रीधर बरेच दिवस तिच्याशी बोलला नाही, आणि खरं सांगायचं तर वसुधालाही अपराधी वाटलं होतं. मागच्या वर्षी न्यूकॅसलने कप जिंकला तेव्हा श्रीधर ढसाढसा रडला. वसुधा आनंदाने टॉवेल घेऊन धावली. श्रीधर नाक पुसत म्हणाला, "अगं, हा लीग कप. आपल्याला लीग हवी."

इतकी वर्षं तिने ते सहन केलं. पण आता लेकीचं, निहारिकाचं, लग्न ठरलं होतं. वसुधाच्या आजीने ती अन्नपूर्णा तिच्या आईला दिली होती, आईने गौरीहराच्या पूजेला वसुधापुढे ठेवली होती. शालू, हॉल, मेन्यू गेले खड्ड्यात. डिसेंबरात बोहल्यावर चढण्याआधी आपल्या लेकीपुढे तीच अन्नपूर्णा हवी, एवढं एकच वसुधाला हवं होतं. आणि डिसेंबरच्या आत न्यूकॅसल लीग जिंकण्याची शक्यता नव्हती, कारण नवी लीग संपणार ती थेट पुढच्या वर्षीच्या मे महिन्यात.

त्यात दैवाने व्याही दिला तो असा. नोव्हेना भागातले कान-नाक-घशाचे डॉक्टर चारुदत्त म्हणजे लहानपणापासूनचे युनायटेडवाले. मुलगा उन्मेष युनिव्हर्सिटीत पोस्टडॉक, गुणी आणि फुटबॉलमधलं ओ की ठो न कळणारा. एका रविवारी सकाळी चारुदत्त, त्यांची बायको मीनल आणि उन्मेष लग्नाची बैठक करायला टॅम्पिनीसला आले. मुहूर्तासाठी पुण्याचे गुरुजी व्हिडिओ कॉलवर होते. त्यांचा टॅब्लेट पोह्यांच्या पातेल्याला टेकवून ठेवला होता.

"आमची एकच मागणी आहे," वसुधा म्हणाली.

मीनल हसली. "अहो वसुधाताई, मागायचं मुलाकडच्यांनी असतं."

"शहाण्णवची लीग द्या."

चारुदत्तांचा चमचा बशीतच राहिला. वसुधाने टाकीकडे बोट दाखवून सगळं रामायण सांगितलं: ती लीग न्यूकॅसलची झाली की नवस फिटला आणि देव बाहेर. डॉक्टरांनी ते शांतपणे ऐकलं आणि मान हलवली. "हॉल आमच्याकडे. दोन्ही वेळचं जेवण आमच्याकडे. शहाण्णव मात्र मागू नका."

"बारा गुण पुढे होतो आम्ही!" श्रीधर म्हणाला.

"गुण मे महिन्यात मोजतात, जानेवारीत नाही!"

"बाबा, द्या ना एक," उन्मेष म्हणाला. "तुमच्याकडे ढीगभर आहेत."

"घरात पोरं पुष्कळ आहेत म्हणून एखादं देऊन टाकतं का रे कुणी?" मग डॉक्टर जरा नरमले. "त्या वर्षीचा एफए कप घ्या. तोही आमचाच होता. नाहीतर दोन हजार एकची लीग घ्या, तिच्यात माझा फारसा जीव नाही."

"वापरलेली नको. आमची होती तीच द्या," श्रीधर म्हणाला आणि उभा राहिला. डॉक्टरही उभे राहिले. शेजारच्या फ्लॅटमधल्या चिनी आजी दारातून डोकावून गेल्या.

"एन्फ लाह, बाबा! अंकल, प्लीज!" निहारिका रडकुंडीला आली. "एव्हरीबडी सिट डाउन, कॅन?"

मीनलने नवऱ्याचा सदरा ओढला. "चारू, देऊन टाक. एका लीगपायी लग्न मोडायचंय का?"

डॉक्टरांनी मुलाकडे पाहिलं, निहारिकाकडे पाहिलं आणि मटकन खाली बसले. "दिली," ते म्हणाले.

"दान असेल तर विधिवत होऊ द्या," टॅब्लेटमधून गुरुजी म्हणाले. इतका वेळ ते पंचांग उघडं ठेवून थांबले होते. "तुळशीपत्र हातात घ्या. पळीभर पाणी सोडायचं आणि 'न मम' म्हणायचं. वस्तू कोणती?"

"पंच्याण्णव-शहाण्णवची प्रीमियर लीग."

"स्थावर की जंगम?"

डॉक्टर गोंधळले. श्रीधरने मदत केली. "जंगम. दरवर्षी हलते."

"ठीक. आणि वस्तू यजमानांच्याच मालकीची ना?"

डॉक्टरांची पळी अधांतरी राहिली. "म्हणजे, मी पहिल्यापासून त्यांच्या बाजूचा आहे."

"खेळला होतात का?"

"नाही हो. मी तेव्हा मेडिकलला होतो. टीव्हीवर बघायचो."

"मँचेस्टरला वास्तव्य?"

"एकदा विमान बदललं होतं तिथे."

गुरुजींनी चष्मा काढला. "मग नाही जमायचं, डॉक्टर. जे आपलं नाही, ते कुणाला देता येत नाही. शास्त्र सोडा, साधी गोष्ट आहे."

डॉक्टर ओशाळून हातातल्या तुळशीच्या पानाकडे बघत राहिले, आणि श्रीधर हताशपणे म्हणाला, "मग ती लीग आहे तरी कुणाची?"

वसुधाला त्याचं उत्तर नको होतं. तिच्या डोक्यात गुरुजींचं वाक्य घुसलं होतं. नवऱ्याचा नवस म्हणजे सगळ्या घराचा नवस, असं ती परस्पर धरून चालली होती. तीस वर्षं दर रविवारी तिने गुणतक्ता पाहिला होता. कुठल्या तरी थंडगार गावातल्या कुणाचा गुडघा दुखावला म्हणून ती हळहळली होती. ह्या एवढ्या काळात आपली मूर्ती कायमची बाहेर काढून घ्यायचं तिच्या मनात आलं नव्हतं. तिला श्रीधरचा राग आला आणि त्याहून जास्त स्वतःचा. ती उठली, बांगड्या मागे सारल्या आणि टाकीचं झाकण काढलं.

"वसू, थांब!" श्रीधर ओरडला. "दोन हजार नऊ विसरलीस?"

"गणपती तुझा. बाळकृष्ण तुझा. पिंड तुझ्या वडिलांची. ठेव बुडवून, मी हात लावणार नाही." तिचा हात कोपरापर्यंत पाण्यात होता. मासे भराभर कोपऱ्यात गेले. "ही माझ्या आईची आहे. बुडवताना मला विचारलं होतंस?"

श्रीधरने तिला विचारलं नव्हतं. इतक्या वर्षांत हे त्याच्याही लक्षात आलं नव्हतं, आणि आता चेहऱ्यावरून दिसत होतं की आलं आहे.

अन्नपूर्णा बाहेर आली. हिरवट झाली होती, हातातल्या पळीवर शेवाळ धरलं होतं. कुणी न सांगता श्रीधर आत गेला, टॉवेल घेऊन आला आणि बायकोपुढे धरला.

निहारिकाने ओंजळ पुढे केली. "आई, दे. मी ठेवते नीट."

वसुधाने मूर्ती पदराशी धरली. आतापर्यंत आपण ही अन्नपूर्णा लेकीसाठीच मागतो आहोत, असं तिला वाटत होतं.

"डिसेंबरात देईन," ती म्हणाली. "तोवर माझ्याकडे राहू दे. आमचं दोघींचं अजून काही बोलणंच झालेलं नाही."

पाहुण्यांना तसंच बसवून ती स्वयंपाकघरात गेली. वाटीत मूठभर तांदूळ घेतले, अन्नपूर्णेला त्यांवर बसवलं, आणि कालच माहेरहून आल्यासारखी तिच्यासमोर उभी राहून रडली.