सात नंबरचा शर्ट

बालसुधारगृहात व्हॉलीबॉल शिकवायला मास्तर आले, तेव्हा अधीक्षक हसून म्हणाले होते, "जित्याची खोड आहे मास्तर, चेंडूनं जायची नाही." मास्तरांनी ते मनावर घेतलं नाही. दोन वर्षं घसा कोरडा करून त्यांनी संघ उभा केला. त्यातला ताडमाड पोरगा म्हणजे शिडी. आल्या आल्या त्यानं एकाचं नाक फोडलं होतं. आता तो त्याच पोराला जाळ्यापाशी चेंडू उचलून द्यायचा आणि गुण मिळाला की त्याची पाठ थोपटायचा.

स्पर्धेला तीन आठवडे असताना शिडीची सुटका झाली. फाटकाशी मास्तरांना भरून आलं. जिभेला हाड नसतं, बोलून गेले, "तुझ्यावाचून संघ लंगडा रे. सात नंबर तुझाच. राखून ठेवतो." बाहेर, मामाच्या घरात, पोराला असं कोण म्हणणार होतं? शहाण्या माणसानं एवढा विचार करायला नको?

सामन्याच्या आदल्या दिवशी पोलिसांची गाडी आली. शिडी हसत उतरला. दुकानाची काच फोडून पोलीस येईपर्यंत तिथंच बसला होता म्हणे. त्याला पाहून मास्तरांना क्षणभर आनंद झाला, आणि मग त्या आनंदाची लाज वाटली.

नव्यानं आलेल्याला पंधरा दिवस वेगळ्या खोलीत ठेवायचा नियम होता. मास्तर खिडकीपाशी गेले.

"मामाकडे काय झालं रे?"

"काही नाही. मी पाणी प्यायला उठलो तरी मामी कपाटाचं कुलूप ओढून बघायची. ते जाऊ द्या. सात नंबर ठेवलाय ना?"

शर्ट मास्तरांच्या पिशवीत होता, इस्त्री केलेला. हो म्हटलं, तर पोरगा जन्मभर काचा फोडून इथंच येत राहणार. त्यांनी काळजावर दगड ठेवला.

"दिला दुसऱ्याला. तू गेलास त्याच दिवशी. इथं कुणी कुणाची जागा राखत नाही."

शिडीनं शिवी हासडली असती तर बरं झालं असतं. तो गज धरून उभा राहिला.

"मग आता मी कुठं जायचं, मास्तर?"

 मास्तरांनी पिशवी पाठीमागे धरली.

दुसऱ्या दिवशी, खोटं निभावायला, त्यांनी सात नंबर एका नवख्या पोराला घातला. त्या खोलीची खिडकी मैदानाकडेच होती. सामना संपेपर्यंत ती आतून बंद होती.