कपाटातला आवाज

माझी धाकटी बहीण नटी आहे आणि मी तिचा आवाज आहे. ऐकायला बरं वाटतं. प्रत्यक्षात मी तिच्या कपड्यांच्या कपाटात स्टूल टाकून बसते. कपाट चांगलं खोलीएवढं आहे, आणि लोंबणाऱ्या ड्रेसांमुळे आत आवाज घुमत नाही. दार लावलं की वारा नाही, उजेड फक्त फोनचा.

गेल्या वर्षी तिने स्वतःचं ॲप काढलं. वर्गणी भरा, मॅडमशी थेट बोला, दहा मिनिटांत तिच्या आवाजात उत्तर. पहिले चार दिवस ती खरंच बोलली. पाचव्या दिवशी शूटिंग लागलं, तेव्हा म्हणाली, "ताई, आठवडाभर सांभाळ ना. आपला आवाज तर सेम आहे." लहानपणी शेजारीपाजारी फोनवर फसायचे, हे खरंच. मी हो म्हटलं. अक्कल गहाण ठेवली होती, दुसरं काय. तो आठवडा अजून संपलेला नाही.

तिचं हसू मात्र मला शिकावं लागलं. ती वाक्याच्या शेवटी नाकातून हसते. मी आपली बोलून झालं की गप्प बसणारी. आता भाजी घेतानाही माझ्याकडून ते हसू निघतं आणि माझी मलाच शिसारी येते.

तीनशे बारा नंबरची वर्गणीदार म्हणजे आमची आई. नाव 'एक चाहती' घातलंय, पण रोज दुपारी पहिला मेसेज ठरलेला: 'जेवलीस का? खोटं सांगू नकोस.' धाकटी तिचे फोन उचलत नाही, म्हणून आईसाहेबांनी वर्गणी भरली. मग आई तिचे लाड करते आणि ते लाड मी कपाटात बसून वाचते. मला फोन करते तेव्हा एवढंच विचारते, "माझ्या गोळ्या मागवल्यास का?"

गेल्या महिन्यात मला रेडिओवर निवेदिकेची नोकरी लागली. दुसऱ्या गावी, सोमवारी रुजू व्हायचं. पत्रावर माझं नाव होतं. मी ते चार वेळा वाचलं. आयुष्यात कधी काही एवढं हवंसं वाटलं नव्हतं.

धाकटीला सांगितलं तेव्हा ती मेकअपला बसली होती. आरशातूनच म्हणाली, "वेडी आहेस का? तू रेडिओवर तोंड उघडलंस की दोन दिवसांत बोभाटा होईल. सगळे म्हणतील, ही तर आपली मॅडम."

"आवाज माझा आहे."

"होता," ती म्हणाली. मग तिला वाईट वाटलं असावं, कारण तिने माझा हात धरला. "दुसरी कुठलीही नोकरी कर ना ताई. फक्त बोलायची नको."

मेकअपवाली खाली मान घालून ब्रश पुसत राहिली.

मीही हट्टाला पेटले. बाकीचे चाहते गेले खड्ड्यात, पण आईला फसवून जायचं नाही, असं ठरवलं. शनिवारी कपाटात बसले, ते हसू बाजूला ठेवलं आणि रेकॉर्ड केलं: "आई, मी मोठी बोलतेय. वर्षभर मीच बोलत होते. सोमवारी मी जाणार आहे, मला रेडिओवर नोकरी लागलीये." आणि तीनशे बारा नंबरला पाठवून टाकलं.

एरवी आई लिहायची. आज तिचा आवाज आला.

"माहीत आहे गं मला. पहिल्या दिवसापासून. पोटच्या पोरींचे आवाज मला कळत नाहीत होय? आणि तू तिच्या नावानं माझ्या गोळ्यांची चौकशी करायचीस, धाकटीने कधी केलीय? पण ती बोलतेय असं मनाशी धरलं की माझा दिवस जातो. तू जाऊ नकोस. आणि हे असं तुझ्यासारखं नको बोलूस. तिच्यासारखं बोल."

मला इतका राग आला की समोरचा जरीचा ड्रेस मी ओढून खाली पाडला. त्याच्यावर पाय देऊन उभी राहिले आणि रडले. माझं कौतुक कर म्हणत नव्हते मी. नुसतं 'कधी निघणार' एवढं तरी विचारायचं होतंस.

फोन वाजला. 'जेवलीस का? खोटं सांगू नकोस.' कोपऱ्यात उत्तराची दहा मिनिटं उलटी मोजली जाऊ लागली.

त्यातली नऊ मी नुसती बसून काढली. रेडिओचं पत्र पर्समध्येच होतं, ते काढलं नाही. मग ड्रेस उचलून झटकला, हँगरला लावला आणि बटण दाबलं.

"जेवले गं आई," मी म्हणाले, आणि नाकातून हसले.