निगिनाच्या खोलीची झडप

अश्रूला डोळ्याच्या कोपऱ्यापासून कानाच्या पाळीपर्यंत जायला अठ्ठावीस वर्षे लागली. अंतर चार बोटांचे होते. उन्हाळ्यात तो थांबत असे आणि हिवाळ्यात एका टाक्याएवढा पुढे सरकत असे. तो का सरकतो, हे मला पहिल्या हिवाळ्यापासून माहीत होते, कारण दोष माझ्या कडेत होता.

मित्रांनो, मी वीतभर रुंदीची, तांब्याची एक जुनी झडप आहे. सारीतोलच्या काळ-पाटकऱ्यांच्या संघाने मला घडवले. आमच्याकडे काळ डोंगरावरून पाटाने येतो आणि चाऱ्यांनी घरोघर वाटला जातो. कोणाला किती सोडायचा, हे संघ ठरवतो. बेगच्या, म्हणजे इथल्या सरदाराच्या, बागेची झडप सताड उघडी असते, म्हणून तिथले जर्दाळू आठवड्यात पिकतात. तुरुंगाची झडप इतकी बारीक ठेवतात, की कैद्याचा एक दिवस संपेपर्यंत बाहेर त्याची मुले म्हातारी होतात. झडप पूर्ण बंद केली, तर आतले सगळे जिथल्या तिथे थांबते.

माझा जन्म संघाचे प्रमुख कारागीर उस्ता बोझोर यांच्या हातोडीखाली झाला. त्यांनी मला सात वेळा तापवले आणि सात वेळा दगडी खोबणीत बसवून पाहिले. कडेतून दिव्याचा उजेड दिसेनासा झाला, तेव्हाच ते थांबले. थंडीत तांबे दगडापेक्षा जास्त आकसते, हे त्यांना ठाऊक होते. म्हणून दरवर्षी पहिल्या हिमाच्या आधी ते माझ्या कडेत मेंढीच्या चरबीत भिजवलेली लोकर ठासत.

मला बसवले ते निगिनाच्या खोलीसाठी. ती सात वर्षांची होती. तिचा घसा सुजून बंद होत आला होता आणि ती संध्याकाळ पाहणार नाही, असे हकीम सांगून गेला होता. तिची आई सानोबर कशिदा काढणारी. ती धावत संघाच्या दारात आली. औषध सापडेपर्यंत माझ्या मुलीला थांबवून ठेवा, एवढेच तिचे म्हणणे होते. मला खाली सरकवले, तेव्हा निगिनाचा श्वास अर्धा आत गेला होता आणि डोळ्याच्या कोपऱ्यात पाणी आले होते.

संघाचा एक नियम आहे. ज्याच्या शब्दावरून झडप बंद झाली, त्याच्याच शब्दावरून ती उघडते. दर नवरोजला, वसंतातल्या नववर्षाच्या दिवशी, संघाचा प्रमुख साक्षीदारांसमोर विचारतो, “बंद की उघडी?” सानोबर दरवर्षी खिडकीतून मुलीला पाही आणि म्हणे, “यंदा बंद.”

पहिली तीन वर्षे तो अश्रू जागचा हलला नाही. मग उस्ता बोझोर वारले आणि उस्ता कुलमत प्रमुख झाले. तोवर निगिनाच्या खोलीची कीर्ती दूरवर पसरली होती. लांबलांबचे पाहुणे तिला पाहायला येऊ लागले. मला आंबट दह्याने घासून लखलखीत केले जाऊ लागले. माझे फार कौतुक झाले. पण पहिल्याच शरदात कुलमत यांनी चरबीचे भांडे बाहेर काढायला लावले. “वास येतो पाहुण्यांना. हे काय खाटकाचं दुकान आहे?”

त्या हिवाळ्यात मी आकसले. माझ्या डाव्या कडेला केसाएवढी फट पडली आणि तिच्यातून काळ झिरपू लागला. निगिनाच्या सुजलेल्या घशातून श्वास पुढे निघाला. तो एकच श्वास होता. तेव्हापासून ती तोच घेते आहे.

एका बेगची बायको काचेला नाक लावून म्हणाली, “किती शांत झोपलीय. आमचे हे असे झोपले असते तर!” सगळे हसले.

काही वर्षांनी सानोबरने चाचरत विचारले, “उस्ता, तिचं पाणी हललं का हो?”

“आपा, तुमचे डोळे गेले,” कुलमत म्हणाले. “सुईत दोरा तरी ओवता येतो का अजून?” पाहुणे पुन्हा हसले. सानोबरने मान खाली घातली आणि ती म्हणाली, “यंदा बंद.”

कुलमत यांना माहीत होते. एका थंडीत त्यांनी माझ्या कडेशी तळहात धरला, थोडा वेळ तसाच ठेवला, मग अंगरख्याला पुसला आणि ते निघून गेले. फट बुजवायची, तर ती होती हे कबूल करावे लागले असते. मित्रांनो, माझी एवढीच विनंती आहे. ज्या कडेच्या आड कोणाचा तरी श्वास आहे, तिची चकाकी पाहू नका. तिच्यावरून बोट फिरवून पाहा, आणि फट लागली तर ती आहे असे म्हणा.

आज नवरोज आहे. अंगणातून सुमालाकच्या खिरीचा करपट गोड वास येतो आहे. नवा अंगरखा घातलेल्या कुलमत यांनी नेहमीच्या सुरात विचारले, “बंद की उघडी?” आणि उत्तराची वाट न पाहता ते पाहुण्यांकडे वळले.

सानोबरने बाहीतून पांढरा कापडाचा तुकडा काढला. त्यावर लहान मुलाच्या गालाची रेघ होती आणि डोळ्यापासून कानापर्यंत अठ्ठावीस निळे टाके. दर हिवाळा सरताना खिडकीतून पाहून तिने एकेक घातला होता. तिने कापड खिडकीवर धरले. आतला अश्रू शेवटच्या टाक्याला टेकला होता.

“उस्ता, हिला कळतंय का?”

“आपा, पाहुणे आहेत.”

“कळतंय का तिला?”

कुलमत यांनी तिच्याकडे पाहिले नाही. ते माझ्याकडे पाहत होते. मग हळू आवाजात म्हणाले, “औषध अजून सापडलेलं नाही. उघडली तर घटकाभरात संपेल ती. बंद आहे तोवर तुम्हाला मुलगी आहे.”

ते खोटे नव्हते. त्याच एका वाक्यावर सानोबरने अठ्ठावीस टाके घातले होते. तिने माझ्या डाव्या कडेवर बोट ठेवले आणि तिला फट लागली. बराच वेळ तिने बोट काढले नाही. अंगणात कोणीतरी खीर ढवळत होते.

मग ती साक्षीदारांकडे वळली आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, “उघडी. मी उंबऱ्यावर बसते. तिचा श्वास पुरा होऊ द्या.”